सातव्या घराची टोपली

या तळ्याच्या तीन बाजू आधी बघा, मग चौथी बघा. तीन बाजूंना उभा कडा आहे, बकरी घसरली तर आपली आपण वर यायची नाही. राईकडची ही चौथी बाजू मात्र नुसती मातीची उतरण आहे, रुंद आणि मऊ. आमच्याकडे तळी म्हटली की जांभ्या चिऱ्यांचे काठ आणि पायऱ्या. कुंभेवळच्या तळ्याला एकही चिरा लागलेला नाही. मागे एक कंत्राटदार आला होता. म्हणाला, चारही बाजू बांधून देतो, वर बसायला बाकडी. गावानं त्याला चहा पाजला आणि वाटेला लावलं.

आता तुम्ही सातेरीच्या देवळातून आलात. तिथं काही चुकल्यासारखं वाटलं का? तुम्ही शहरातले, तुम्हाला कळायचं नाही. या पट्ट्यातल्या प्रत्येक देवळात देवीला कौल लावतात. तिच्या अंगावर ओल्या पाकळ्या चिकटवायच्या, घाडी, म्हणजे देवीपुढे गावाच्या वतीनं बोलणारा मानकरी, गाऱ्हाणं घालून प्रश्न विचारतो, मग सगळे टक लावून बसतात. उजवीकडची पाकळी पडली की होकार, डावीकडची पडली की नकार. सोयरीक असो की विहीर, कौलाशिवाय पान हलत नाही. आमच्या देवीला मात्र कुणी काही विचारत नाही. नमस्कार करायचा, ओटी भरायची आणि घरी यायचं.

दोन्हींचं कारण एकच आहे. मोबाईल जरा खिशात ठेवा, मग सांगतो. मी हे माझ्या आज्याकडून ऐकलं, त्यानं त्याच्या आज्याकडून. साल विचारू नका. वर गडावर किल्लेदार राहत होता आणि खाली आमची एकवीस घरं होती, एवढं धरून चाला.

त्या काळी इथं हत्ती होते म्हणे. गव्यासारखे कधीमधी दिसणारे नव्हेत, ठरलेल्या वेळी येणारे. भात कापून झालं की घाट उतरून कळप यायचा, या राईच्या कडेनं नदीवर जायचा, तिथले बांबू आणि भेर्ल्या माड खायचा आणि उन्हं तापायच्या आधी वर जायचा. हत्तीची वाट ही आईकडून लेकीला मिळते. म्हातारी हत्तीण जिथून चालली तिथूनच तिची लेक चालणार, नातही तिथूनच. गाव त्या वाटेवर नांगर घालत नव्हतं, आणि हत्ती वाट सोडून भातात शिरत नव्हते. कधी शिरलेच तर लोक लांबूनच हात जोडून ओरडायचे, म्हाराजा, खाल्लास ता खाल्लास, आता वाटेक लाग. यात भक्ती किती आणि भीती किती ते देवीला ठाऊक.

मग किल्लेदाराच्या मनात आलं की आपल्या दारात हत्ती झुलावा. मोठा हत्ती माणसाळायचा नाही, म्हणून त्याला पिल्लू हवं होतं. हत्तींची वाट कुंभेवळातून जाते हे त्याला माहीत होतं. त्यानं आमचे सात गडी वेठीला म्हणून वर नेले आणि निरोप पाठवला. शिमग्याच्या आत जिवंत पिल्लू आणा आणि आपली माणसं घेऊन जा. पिल्लू नाही तर माणसंही नाहीत. असं सांगतात की निरोप्या इतकं बोलून पाणीसुद्धा न पिता परत गेला.

त्या सातांत विस्राम होता. त्याची बायको सुंदर ही गावच्या घाड्याची, साबाजीची, एकुलती एक लेक. तिच्या कडेवर चार महिन्यांचं मूल होतं. नवऱ्यानं त्याचं तोंड जेमतेम पाहिलेलं. पोर कुणावर गेलंय ते नीट कळायच्या आधीच बाप गडावर गेला, असं ती म्हणायची.

गाव देवळात जमलं. साबाजीनं पाकळ्या लावल्या, गाऱ्हाणं घातलं. बाये माउली, तुझी सात लेकरां वर अडाकली हत, तर हत्तीच्या वाटेर खड्डो खणाक आज्ञा दी गे माये. सगळे म्हणाले, व्हय म्हाराजा. डावी पाकळी पडली. दुसऱ्या दिवशी पुन्हा विचारलं, पुन्हा डावी. तिसऱ्या दिवशी तर म्हणे गाऱ्हाणं संपायच्या आधीच डावी पाकळी सुटून साबाजीच्या पायावर आली. साबाजी घरी गेला आणि जेवला नाही.

तेव्हा सुंदर बापासमोर येऊन बसली. म्हणाली, "बाबानु, हत्ती म्हणान विचारू नकात. डुकरासाठी खड्डो खणूचो काय, असा विचारा."

साबाजी म्हणाला, "अगो, देवी काय खुळी आसा?"

"खुळी नाय, आवय आसा. तिका माझा दुःख कळाक नको?"

आता इथं तुम्ही साबाजीला नावं ठेवाल. ठेवा. मीही पुष्कळ वर्षं ठेवली. पण लेक समोर बसली आहे, तिच्या मांडीवर तुमचा नातू आहे आणि जावई गडावर दगड फोडतो आहे, मग किती जण प्रश्न बदलणार नाहीत ते सांगा. आमच्याकडे देवीला कुणी खोटं बोलत नाही हो. आम्ही फक्त शब्द जपून वापरतो. तीच तर खोड आहे.

चौथ्या दिवशी साबाजीनं विचारलं, माउली, रानडुकरां नाचणो खातत, डुकरासाठी खड्डो खणूचो काय? उजवी पाकळी पडली. सगळ्यांनी हात जोडले, आणि एकानंही दुसऱ्याच्या तोंडाकडे पाहिलं नाही.

मग डुकरासाठी खड्डा खणला. दोन पुरुष खोल आणि पंधरा हात लांब, हत्तीच्या वाटेच्या बरोबर मध्ये. एवढ्या खड्ड्यात पडायला डुक्कर लाजलं असतं. गडी खणत होते, बायका टोपलीनं माती बाहेर काढत होत्या. एकवीसच्या एकवीस घरांतून माणूस होतं. वर बांबू टाकले, पाला पसरला. माणसाचा वास येऊ नये म्हणून हत्तींचंच शेण आणून टाकलं. असली अक्कल आपल्याला कुणी शिकवावी लागत नाही.

माघातल्या एका सकाळी कळप आला आणि पिल्लू पडलं.

हत्तीण ओरडते ते कानाला ऐकू येतंच, पण त्याच्याही खाली तिचा एक आवाज असतो, तो कानाला कळत नाही. छातीत कळतो, जात्यावर हात ठेवल्यासारखा. त्या दिवशी गावात म्हणे उतरंडीची मडकी आपोआप हलली. गड्यांनी ढोल बडवले, चुडी पेटवल्या, आणि कळप राईत मागे सरला. पण वर घाटाकडे गेला नाही. ढोल थांबले की पिल्लाची आई परत यायची, खड्ड्याच्या काठाशी गुडघे टेकून सोंड खाली सोडायची आणि पिल्लू आपली सोंड तिला गुंडाळायचं. पण ओढून काढण्याएवढी तिची सोंड पुरत नव्हती.

दुसऱ्या दिवशी लोकांच्या लक्षात आलं की खड्डा राईच्या बाजूनं उथळ झालाय. हत्तीण पायांनी काठ ढासळवून माती आत लोटत होती. आपल्याकडच्या हत्तिणीला हत्तीसारखे सुळे नसतात, म्हणून तिचं सगळं काम नखांनी आणि सोंडेनं. पिल्लाला चढायला उतार करत होती. तिचा विचार कळल्यावर लोक चरकले, पण कामाला लागले. ढोल बडवून तिला हुसकायचं आणि तिनं लोटलेली माती टोपल्यांनी बाहेर काढायची. ती परत यायची, परत लोटायची. अख्खा दिवस हेच चाललं. तिकडे गडावर निरोप गेला होता, परवा आमची माणसं घेऊन या, पिल्लू घेऊन जा.

टोपल्या वाहणाऱ्यांत सुंदर सगळ्यांच्या पुढे होती. तिचं मूल झाडाला बांधलेल्या झोळीत. पिल्लाला दूध दाखवलं, पेज दाखवली, ते तोंड लावीना. हत्तीचं पिल्लू वर्ष-दीड वर्ष तर आईच्या दुधावरच असतं. सुंदर खड्ड्यात उतरली की ते धडपडत तिच्याजवळ यायचं आणि तिच्या चोळीला सोंड लावून हुंगायचं. तिला पान्हा होता ना. ती त्याची सोंड बाजूला करायची आणि टोपली भरायची.

तिसऱ्या दिवशी पिल्लू उठलं नाही. कुशीवर पडून नुसते कान हलवत होतं. दुपारी सुंदर टोपली डोक्यावर घेऊन वर आली, तेव्हा हत्तीण समोर उभी होती, या इथून त्या वडापर्यंत एवढ्या अंतरावर. ढोल वाजत होते तरी हलली नव्हती. हत्तिणीचे स्तन कुठं असतात ठाऊक आहे का? गाईसारखे मागे नसतात. पुढच्या दोन पायांच्या मध्ये, छातीला, बाईसारखे. दोनच. तीन दिवस कुणी प्यायलं नव्हतं. दूध धारेनं खालच्या धुळीत पडत होतं.

सुंदरनं ते पाहिलं. तिची स्वतःची चोळी भिजली होती, कारण झोळीतलं पोर मघापासून रडत होतं. ती वळली आणि डोक्यावरची माती बाहेर टाकायच्या ऐवजी परत खड्ड्यात ओतली.

ढोल बंद झाले. साबाजी ओरडला, "अगो, काय करतंस? विस्रामाचा काय?"

"ठावूक आसा माका," ती म्हणाली. "देवीनं तीनदा नको सांगितलान, बाबा. चवथ्यांदा आमी तिका विचारूकच नाय." आणि दुसरी टोपली भरायला लागली.

लोक सांगतात की त्यानंतर सगळं गाव धावून आलं. तसं काही झालं नाही. आधी बराच वेळ ती एकटीच टोपल्या ओतत राहिली. मग साबाजी उठला. मग ज्यांचं गडावर कुणी नव्हतं ती चौदा घरं आली. त्यांचं काय जात होतं? खरी वेळ होती ती उरलेल्या सहा घरांची. त्या बायका एकेक करून उठल्या. रडत, सुंदरला शिव्या देत, पण उठल्या. पाच जणींनी माती टाकली.

सातव्या घरची मथुरा म्हातारी उठली नाही. नवरा नव्हता, सून नव्हती, एकच मुलगा होता, धाकू, तो गडावर. ती काठावर टोपली पालथी घालून तिच्यावर बसली. सुंदर तिच्याकडे गेली तेव्हा म्हणाली, "माझो एकच आसा गो. तुझ्या हत्तिणीक आणखी पोरां होतीत." सुंदर परत टोपली भरायला गेली.

ऊन कलायला आलं तोवर उतार झाला, पण कच्चा होता, वरच्या तोंडाशी अर्धवट. लोक मागे सरले. हत्तीण उतारावरून स्वतः खाली गेली. पिल्लाला सोंडेनं उठवलं, तिथंच पाजलं म्हणे, आणि मग डोकं त्याच्या मागे लावून त्याला वर ढकलत आणलं. छोटं पुढे, मोठं मागे. पिल्लू वर निघालं. राईतून त्याच्या मावश्या धावत आल्या आणि त्यांनी त्याला पोटाखाली घेतलं. हत्तीणही जवळजवळ वर आली होती. पुढचे दोन्ही पाय काठावर होते. तेवढ्यात वरचं तोंड ढासळलं. ती मागच्या मागे खाली गेली आणि तिचा पाय मोडला.

मग पुढचे दोन दिवस गाव माती टाकत होतं, पण मोडलेल्या पायानं ती कशी चढणार? तिसऱ्या दिवशी ती गेली. तिला तिथंच माती दिली. मावश्यांनी पिल्लाला सोडलं नाही, कळपात पोरकं पोर कुणाच्या ना कुणाच्या अंगावर पितं. पुढे कितीतरी वर्षं कळप यायचा, इथं थांबायचा आणि सोंडेनं माती चाचपत उभा राहायचा. पहिल्या पावसात खड्ड्यात पाणी साठलं ते आटलंच नाही. हेच ते तळं.

एका टोपलीनं हत्तीण वाचली असती का? नाही. मी जन्मभर मातीत काम केलंय, एक टोपली माती म्हणजे काहीच नाही. पण गाव तेव्हापासून म्हणत आलंय, एक टोपली कमी पडली.

आणि ते सात? ठरल्या दिवशी गडाची माणसं आली, पिल्लू नाही पाहून तशीच परत गेली, आणि सातांतलं कुणी परत आलं नाही. काही जण सांगतात, खड्डा खणायच्या आधीच ते गडावर तापानं गेले होते, किल्लेदारानं लपवून ठेवलं होतं. मला हे पटत नाही. हे मागाहून जोडलेलं आहे, रात्रीची झोप लागावी म्हणून. आमच्या सुंदरनं नवरा दिला आणि तो जिवंत होता, हे मान्य करायला छाती लागते. ती म्हातारी होऊन मेली. तिनं बापाला शपथ घातली होती की या गावात पुन्हा कौल लागायचा नाही. जे करायचं ते आपल्या तोंडानं ठरवायचं आणि आपल्याच डोक्यावर घ्यायचं. साबाजीच्या पुढच्या घाड्यांनी ती शपथ पाळली.

मथुरेनं पुढे बहिणीचा नातू घरात घेतला. रक्त निराळं, चूल तिची. मी त्याच्या वंशातला. माझ्या घराला गावात अजून मथुरेचं घर म्हणतात. म्हणून तुम्हाला ही गोष्ट सांगायला मला पुढे करतात, आणि मी दुसऱ्याच्या घरचं उणं काढत नाही हे तुमच्या लक्षात आलं असेल.

माघी पुनवेच्या दुसऱ्या दिवशी प्रत्येक घराची एक टोपली माती या उतरणीवर पडते. मुंबईला जाऊन बसलेल्यांची शेजारी टाकतात, कुलूप लागलेल्या घराचीही चुकत नाही. मग तळं बुजत कसं नाही, असं सगळे विचारतात. पावसात माती वाहून जाते, राहिलेला गाळ वैशाखात आम्हीच उपसतो. चमत्कार म्हणायचा तर म्हणा, फावडं आमचं असतं. सगळ्यात शेवटची टोपली मथुरेच्या घरची. ती पडेपर्यंत कुणी घरी जात नाही, चूल पेटवत नाही, आणि आमच्या घरच्या माणसाला कुणी हाकही मारत नाही. नुसते थांबतात.

माझ्या आज्यानं हत्ती पाहिला नव्हता, बापानंही नाही. वीसेक वर्षांपूर्वी हत्ती घाट उतरून परत आले. कुणी रस्ता दाखवला असेल? आले ते याच वाटेनं, याच उतरणीवरून पाण्यावर. तेव्हा मी इथं उभा राहून रडलो होतो, खोटं कशाला सांगू.

पण यंदा पौषात ते माझ्या केळीत शिरले. दोनशे केळी. घडांना तोंडही लावलं नाही, खोडं फाडून आतला गाभा खाल्ला आणि घड चिखलात तुडवले. सकाळी ते पाहिलं आणि दया, देवी, आज्याच्या गोष्टी, सगळं विसरलो. गावच्या बैठकीत मीच उठून म्हणालो, हत्तीच्या वाटेवर चर खणा. खोल खणा. गुरांसाठी म्हणून खणा, म्हणजे कुणी अडवणार नाही.

बोलून गेलो आणि मला माझाच आवाज ऐकू आला. आताचा घाडी, साबाजीच्या भावकीतला, वयानं माझ्यापेक्षा लहान, एवढंच म्हणाला, "तातू, माघ पंधरा दिवसांवर इलो. टोपली टाकून घेवा, मगे बोला."

टोपलीच्या दिवशी मी या काठावर टोपली पालथी घालून बसलो. मुद्दाम नव्हे, बसल्यावर लक्षात आलं. वीस घरांची माती पडली. ऊन डोक्यावर आलं, कललं. समोर गाव उभं होतं, पोरं भुकेनं रडायला लागली होती, तरी मला कुणी हाक मारली नाही. मथुरेला काय वाटलं असेल ते मला त्या दिवशी कळलं. ती वाईट नव्हती. तिचं जे होतं ते एकच होतं. माझं काय, केळी परत लावता येतात.

मी उठलो, टोपली भरली आणि ओतली. मन मोकळं झालं असं समजू नका, केळींचं दुःख अजून आहे, आणि पुढच्या वर्षी ते आले तर मी काय बोलेन ते मला ठाऊक नाही. चराचं नाव मात्र गावात पुन्हा कुणी काढलं नाही, मीही नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी इथं आलो. तुम्ही उभे आहात तिथून चार पावलं पुढे या, तेव्हा दिसलेले ठसे अजून पुसले गेलेले नाहीत. आजही हत्ती याच उतरणीवरून खाली जातात आणि वर येतात. या ताज्या मातीत बघा. ही वर येतानाची पावलं. छोटं पुढे आहे, मोठं मागे.